बुवांची खंजिरी

पांढुर्णा म्हटले की परगावच्या माणसास पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीची जाम नदीवरची गोटमार तेवढी आठवते. आम्हां भावंडांना आठवते ती बुवांची खंजिरी.

राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांनी (१९०९–१९६८) खंजिरीभजन विदर्भात आणि आमच्या या सीमेवर घरोघर नेले. बुवांनी त्यांना समोर बसून ऐकले होते. लहानसे लाकडी कडे, एका अंगाने कातडे, कड्यात झांजा. परंतु बुवांची बोटे पडली की ओसरी भरून जाई. पूर्वी कातडे घोरपडीचे असे. १९७२ च्या कायद्याने घोरपडीस संरक्षण मिळाले, तेव्हा बुवांनी बकऱ्याच्या कातड्याची खंजिरी घेतली. तिला तो आवाज नाही, ही कुरकुर मात्र अखेरपर्यंत चालली.

शिकवणीला वही आणावयाची नाही, असा त्यांचा दंडक होता. १९५६ पर्यंत नागपूर हीच आमची राजधानी. पुनर्रचनेत विदर्भ तिकडे गेला, आम्ही इकडे राहिलो. आमची शाळा हिंदी. लिहून घेतले तर लवकर पाठ होईल, असे दादांनी एकदा धीर करून सुचविले. बुवांनी पाटीवर ‘चोर’ एवढाच शब्द लिहिला. दादांनी तो शाळेत वाचावा तसा वाचला. “हा हिंदीतला चोर झाला. आपला कुठं गेला?” बुवा म्हणाले. अक्षर एकच, पण मराठीतला हा ‘च’ दातांशी उमटतो, आणि ते कागदावर दिसत नाही. (बुवा स्वतः घरी ‘डोळा’ न म्हणता ‘डोया’ म्हणत, भजनात मात्र ‘ळ’ चुकला तर ठेका थांबे.)

पुढे आयर्लंडविषयी वाचनात आले. तिकडेही बकऱ्याच्या कातड्याचे ‘बोरान’ नावाचे डफासारखे वाद्य आहे, आणि आयरिश भाषेतली जुनी गाणी पिढ्यान्‌पिढ्या कानांनीच शिकत आली. तेथेही इंग्रजीपुढे भाषा मागे हटत गेली. पारंपरिक संगीताच्या जपणुकीसाठी तेथे १९५१ साली संस्था उभी राहिली. आमच्याकडे फक्त बुवांची ओसरी होती.

बुवा गेले. दादांनी चोरून एक वही लिहिली होती, ती आमच्याजवळ आहे. तीत भजने शंभरावर आहेत. आम्हां तिघांना मिळून चाली आठवतात वीस-बावीस. उरलेली पाने आम्ही उलटतो, शब्द वाचतो आणि वही मिटतो.

ताई सौंसरला दिल्या. २०२३ साली पांढुर्णा जिल्हा झाला आणि सौंसर त्यात आले, तेव्हा सगळे एका घरात आलो, असे त्या हसून म्हणाल्या. शनिवारी त्या आळीतल्या मुलींना भजन शिकवितात. मागच्या खेपेस आम्ही गेलो, तेव्हा एका मुलीने मोबाइलमध्ये भरून घेऊ का, असे विचारले. ताईंनी घेऊ दिले, आणि मग मोबाइल बाजूला ठेवून तोंडाने म्हणावयास लावले. ‘चोर’ तिसऱ्या खेपेस जमला.