तीस दिवस

माझा धाकटा भाऊ तालुक्याच्या कॉलेजात प्रयोगशाळा परिचर होता. संस्था मोठी, नाव लिहीत नाही. २००४ च्या मार्चात त्याला रजिस्टर पोस्टानं कागद आला : सेवा समाप्त. आठ वर्षं काचेच्या नळ्या धुतल्या, ॲसिडनं बोटं सोलवटून घेतली, आणि दीड पानात सगळं आटपलं.

संस्थेचे सचिव म्हणाले, "अर्ज दे, बघू." त्यानं अर्ज दिला. महिन्यानं दुसरा दिला. "सायेब मीटिंगला गेलेत, सोमवारी ये." असे सोमवार बरेच गेले. वडील लकव्यानं अंथरुणाला खिळलेले, म्हणून त्यानं घरात काही बोलूनच दाखवलं नाही. मला कळलं ते दिवाळीनंतर.

फेब्रुवारीत आम्ही दोघं पुण्याला वकिलांकडं गेलो. त्यांनी आधी आदेश वाचलाच नाही. विचारलं, "हा हातात कधी पडला? पाकीट कुठाय?"

पाकीट कोण ठेवतं? पण भावजयीनं ते रेशनकार्डाच्या पिशवीत जपलं होतं, म्हणून तारीख तरी सापडली. १९९४ च्या महाराष्ट्र विद्यापीठ कायद्यात कलम ५९ होतं. कॉलेजच्या नोकराला काढलं, तर आदेश मिळाल्यापासून तीस दिवसांत त्यानं विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणाकडं अपील करायचं. २०१६ ला नवा कायदा आला, त्यातही तीस दिवस तसेच राहिले. आमचे त्यावर दहा महिने झाले होते.

घात गेल्यावर पेरलेलं उगवत नाही, हे मला कुणी शिकवायला नको. पण घात मातीला हात लावून कळते. ही तीस दिवसांची घात त्या दीड पानात कुठंच नव्हती. माणूस काढताना एक ओळ जास्त लिहायला संस्थेचं काय जात होतं?

भाऊ म्हणाला, "मी अर्ज देतच होतो की!"

"अर्जावर अर्ज दिले म्हणून मुदत हलत नाही," वकीलसाहेब म्हणाले. "सुप्रीम कोर्टानं १९८९ लाच सांगून ठेवलंय. हायकोर्टात रिटला दिवसांची मुदत नाही, पण तिथंही आधी हेच विचारतात, इतके दिवस कुठं होता?"

मात्र 'पुरेसं कारण' पटलं, तर उशिराचं अपीलही घेतात. त्यांनी काश्मीरच्या अनंतनागचा भूसंपादनाचा निकाल सांगितला, १९८७ चा. एकेका दिवसाच्या उशिराचा खुलासा मागायचा, म्हणून अक्कल गहाण ठेवायची नाही, असा त्याचा अर्थ. मला बरं वाटलं. नंतर कळलं, तिथं उशीर सरकारला झाला होता, आणि तोही चार दिवसांचा.

घरी येऊन आम्ही तीन रात्री दहा महिन्यांचा हिशोब मांडला, डेअरीच्या दुधाचा मांडतात तसा. वडिलांच्या दवाखान्याच्या चिठ्ठ्या, एसटीची तिकिटं, अर्जांच्या पोचा. त्यात संस्थेचंच एक पत्र निघालं, ऑक्टोबरचं : 'आपला अर्ज विचाराधीन आहे.' भाऊ ते फेकून देणार होता. वकीलसाहेबांनी ते पत्र दोनदा वाचलं आणि पहिल्यांदा चहा मागवला.

संस्थेचा वकील उभा राहिला आणि म्हणाला, हा माणूस हक्कावर झोपला होता. भाऊ खाली मान घालून बसला. बापाचं अंथरूण बदलत रात्र रात्र जागलेला माणूस तो. मला उठून बोलावंसं वाटलं, पण तिथं आपल्याला कोण बोलू देतंय?

उशीर माफ झाला. अट एक : पुढं निकाल आपल्या बाजूनं लागला तरी त्या दहा महिन्यांचा पगार मागायचा नाही. भावानं लगेच मान हलवली. तीन वर्षांनी तो कामावर परत गेलाही. पण त्या तीन वर्षांचं लिहायचं तर निराळंच पुस्तक होईल.

त्या संध्याकाळी घरी आलो तर आई उंबऱ्यातच बसलेली.

"जितला का रं खटला?"

"न्हाई आई. आता लावून घेतलाय."

"मंग येवढे दिस काय चाललं हुतं?" म्हणाली, आणि म्हशीला पाणी दाखवायला उठली.