दागिने गिळलेली फिल्म

मूकपटांच्या काळातली फिल्म म्हणजे महातापट बाई. जात नायट्रेटची. एकदा पेटली की पाण्यात बुडवा, विझायची नाही. जळायला लागणारा प्राणवायू तिच्या अंगातच असतो. कोरी असताना उजेड सोसत नाही, म्हातारपणी चिकट होते आणि शेवटी भुगा.

अशा बाईला दादासाहेब फाळक्यांनी 1912 साली दादरच्या घरात नांदायला आणलं. तिच्या कडेला भोकंही नव्हती. ती अंधारात बसून पाडायच्या त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई. मग या तापट बाईनं पाहिलं काय, तर कुंडीतला वाटाणा! रोज जरासा, महिनाभराहून अधिक. ‘अंकुराची वाढ’ हा तो लघुपट. ती रोपाची वाढ बघून पैसे लावणारा माणूस भेटला, तरी ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट पुरा होईतो सरस्वतीबाईंचे दागिने गेलेच. पुढे तिनं तळेगावचा काच कारखानाही टिपला.

सोनं गिळून तिनं दिली चांदी. पडद्यावरचा राजा चांदीच्या बारीक कणांनीच उमटलेला असतो. हे व्यापाऱ्यांना नेमकं ठाऊक होतं. बोलपट आले, मूकपटांचं गिऱ्हाईक तुटलं आणि जुन्या फिल्मा चांदीसाठी धुतल्या गेल्या. सराफकट्ट्यावरची माती धुऊन सोन्याचा कण काढणारे झारेकरी आपल्याला माहीत आहेत. पण झारेकरी केर टाकतो आणि मोलाचं ठेवतो. इथे मोलाचं होतं तेच वाहून गेलं.

1913 साली फाळके नाशिकला गेले. तिथे घडलेले चित्रपट रेल्वेनं मुंबईला आणायचे तर वाट एकच, कसाऱ्याचा घाट उतरून खर्डी, आटगाव, आसनगाव. त्या चित्रपटांतले फारच थोडे आज उरले आहेत. 1964 साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघालं, तिथल्या पी. के. नायर यांनी फाळक्यांच्या मुलांकडून उरलेली रिळं मिळवली, म्हणून ‘कालिया मर्दन’ बघता तरी येतो. 2003 साली पुण्यातच नायट्रेटच्या साठ्याला आग लागली. बाईचा स्वभाव गेला नव्हता.

तेव्हा त्या रेल्वेवाटेच्या आसपास, शहापूर-मुरबाडकडे कुणाच्या माळ्यावर गंजक्या डब्यात जुनं रीळ सापडलं, तर ते भंगारात घालू नका, काडी लावून तर मुळीच पाहू नका. सावलीत ठेवा आणि आधी पुण्याच्या संग्रहालयाला कळवा.