मुकीं अक्षरें

इंग्रजी भाषेंत जें लिहितात तें बोलत नाहींत, ही तक्रार मराठी माणसाची जुनीच आहे. देवनागरींत वाढलेल्या जिभेस न उच्चारिलेलें अक्षर म्हणजे पंगतीस बसून न जेवणाऱ्या पाहुण्यासारखें वाटतें.

आमचा नातू नांदेडास मराठी शाळेंत दहावी होऊन गेल्या वर्षीं विज्ञान शिकण्यासाठीं लातुरास गेला. तेथील शिकवणीच्या वर्गांत वनस्पतिशास्त्राचें पुस्तक वाचतांना त्यानें 'झायलेम' हा शब्द 'क्सायलेम' असा वाचला. वर्ग हंसला, शिक्षकही हंसले. तेव्हांपासून त्यानें शंका विचारणेंच सोडलें. दिवाळीस आला तेव्हां त्याच्या आजीनें हें त्याच्याकडून काढून घेतलें. आम्हांस तो बोलला नसता.

आम्हीं त्यास जलवाहिनी म्हणजे काय तें विचारिलें. मुळांपासून पानांपर्यंत पाणी कसें चढतें, पानांतून बाष्प गेल्यानें वरून ओढ कशी लागते, हें त्यानें नीट सांगितलें. म्हणजे वस्तु ठाऊक, नांव तेवढें अनोळखी! 'झायलेम' हा शब्द ज्या ग्रीक शब्दापासून निघाला त्याचा अर्थ लाकूड, आणि ग्रीक लोक आरंभीं 'क्स' असाच उच्चार करीत. इंग्रजांस तो जड गेला, म्हणून त्यांनीं 'झ' केला. मग हंसावयाचें कोणी कोणास? न्युमोनियाच्या आरंभींचा मुका 'प' देखील ग्रीकांच्या जिभेवर बोलका होता.

तथापि उच्चार कसाही करावा, असें आमचें मत नव्हे. ज्यांच्या परंपरेंत शिक्षा हें एक वेदांग, त्यांनीं तसें म्हणूं नये. 'इंद्रशत्रु' शब्दाचा स्वर चुकला आणि इंद्राऐवजीं वृत्रच मारला गेला, ह्या कथेचा दाखला पतंजलीनें महाभाष्याच्या आरंभींच दिला आहे. इंग्रजींतही 'रेकॉर्ड' शब्दाच्या पहिल्या अवयवावर आघात दिला तर नाम, दुसऱ्यावर दिला तर क्रियापद. हें ऐकून स्वारी प्रथमच सरसावून बसली.

परक्या शब्दांचें आमच्या प्रांतास नवल नाहीं. निजामी अमदानींत येथील कित्येक मुलांनीं त्रिकोणास 'मुसल्लस' म्हणत भूमिति केली. १९१८ सालीं स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठांत तर शास्त्रेंही उर्दूंतून शिकवीत. पुढें ३० सप्टेंबर १९९३ च्या पहांटे किल्लारीस भूकंप झाला, हजारों माणसें गेलीं, आणि 'रिश्टर' हा शब्द खेड्यांतील आज्यांच्याही तोंडीं बसला. इंग्रज त्यास 'रिक्टर' म्हणतात. नांव मूळचें जर्मन, तेव्हां आमच्या आज्याच मुळाच्या अधिक जवळ! त्याच बातम्यांतील 'एपिसेंटर' मधला सेंटर आणि आपल्या ज्योतिषांतील केंद्र हे तर एकाच ग्रीक शब्दाचे वंशज. होराही तिकडचाच.

नातवानें आतां एक वही केली आहे. तींत शब्द, उच्चार, मूळ अर्थ आणि मराठी नांव अशीं चार घरें आंखलीं आहेत. परवां दूरध्वनीवर त्यानें 'फ्लोएम' चें मूळ विचारिलें. आम्हीं साल असा अर्थ सांगितला, तेव्हां रसवाहिनी खोडाच्या सालीकडच्या भागांतच असते, हें त्यानें उलट आम्हांस शिकविलें. वर्गांत तो विचारतो कीं नाहीं, हें मात्र अद्याप त्याच्या आजीसही कळलेलें नाहीं.