खरवडली न गेलेली भिंत

इंग्लंडमधील विल्टशर परगण्याच्या उत्तर टोकास, टेम्सचा प्रवाह अजून लहानच असतो त्या भागात, इंगलशम नावाचे गाव होते. ‘होते’ असे म्हणावयाचे, कारण मध्ययुगीन गाव केव्हाच विरून गेले. कुरणातील उंचवटे आणि खळगे पाहून घरांच्या जागा ओळखाव्या लागतात. एखादे शेतघर, आणखी काही वस्ती आणि बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाच्या नावाचे एक लहानसे चर्च एवढेच आता तेथे उरले आहे. चर्चला मनोरा नाही. पश्चिमेच्या भिंतीवर दोन घंटांपुरती दगडी कमान आहे. तीही दुरून झाडांत हरवून जाते.

वास्तूचा बराचसा भाग तेराव्या शतकातला. मूळ त्याहून जुने, नॉर्मन विजयाच्या आधीच्या काळापर्यंत पोचणारे. तेराव्या शतकाच्या आरंभी जॉन राजाने हे चर्च ब्यूली येथील सिस्टर्शियन मठाच्या साधूंकडे सोपविले. मधला सभामंडप, त्याच्या दोन बाजूंस अरुंद दालने आणि पूर्वेस वेदीचा भाग, अशी साधी मांडणी. गावच लहान, म्हणून चर्च कधी मोठे झाले नाही; पुढे गावच आटले, म्हणून ते पाडून नवे बांधण्याइतका पैसा आणि उत्साह कोणापाशी राहिला नाही. वास्तूंच्या इतिहासात दारिद्र्याने केलेले रक्षण हा एक स्वतंत्र अध्याय आहे, आणि इंगलशम हे त्यातले एक ठळक उदाहरण म्हणता येईल.

आत शिरणाऱ्याचे लक्ष प्रथम भिंती वेधून घेतात. मध्ययुगात त्या चित्रांनी भरल्या. निरक्षर शेतकऱ्याला पवित्र कथा वाचावयाची ती तेथेच. सोळाव्या शतकातील धर्मसुधारणेनंतर चित्र संशयास्पद ठरले आणि शब्द पूज्य झाला. चित्रांवर चुना चढला, चुन्यावर बायबलमधील वचने लिहिली गेली. ती फिकट झाल्यावर पुन्हा चुना आणि पुन्हा अक्षरे. एकाच भिंतीवर थरावर थर साचत गेले. आज त्यांतील काही पापुद्रे गळून पडल्यामुळे एका शतकाच्या अक्षरामागून दुसऱ्या शतकाची वेलबुट्टी डोकावते. कोठलेही एक चित्र पूर्ण दिसत नाही, कोठलेही एक वचन अखंड वाचता येत नाही. खाली सतराव्या-अठराव्या शतकांतील, उंच लाकडी कठड्यांच्या चौकोनी बैठका. त्यांना लागून मध्ययुगीन लाकडी जाळीचे पडदे. आणि एक जुने प्रवचनपीठ. कोठलीच वस्तू दुसरीशी जुळवून घेण्यासाठी केलेली नाही, तरी सहवासाने सर्व एका कुळाची झाली आहेत.

असे चर्च एकोणिसाव्या शतकातून सहीसलामत सुटावे, हे त्या काळात सहज घडण्याजोगे नव्हते. गॉथिक शैलीच्या पुनरुज्जीवनाचा तो बहराचा काळ. इंग्लंडमधील हजारो चर्चेस त्या वेळी ‘मूळ’ रूपात परत नेण्यात आली. मूळ कोणते, हे वास्तुविशारदाने ठरवावयाचे. मग चौदाव्या शतकाला शोभणार नाही ते सतराव्या शतकाचे लाकूड काढून टाकावयाचे, गिलावा खरवडून दगड उघडा करावयाचा, आणि जे कधी होते की नव्हते याविषयी खात्री नाही ते नव्याने घडवून बसवावयाचे. हेतू भक्तीचा आणि श्रमही प्रामाणिक. परंतु काम पुरे होता होता पाचशे वर्षे नाहीशी झालेली असत.

विल्यम मॉरिस ह्या कवीने आणि कारागिराने ह्या उत्साहाविरुद्ध आवाज उठविला. १८७१ पासून केल्म्स्कॉट येथील जुने घर हे त्याचे आवडते वसतिस्थान होते. तेथून इंगलशम टेम्सच्या काठाने फारसे दूर नाही. ट्यूक्सबरीच्या मठ-चर्चचे पुनर्निर्माण सर जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट करणार, हे कळताच मार्च १८७७ मध्ये त्याने ‘अथेनिअम’ नियतकालिकात पत्र लिहिले, आणि त्याच वर्षी प्राचीन वास्तूंच्या रक्षणासाठी एक संस्था स्थापन झाली. ‘खरवडू नका’ अशा अर्थाचे एक टोपणनावही तिला मिळाले. गळके छप्पर शाकारा, ढासळती भिंत सावरा, रोजची देखभाल करा. पण काळाने जे लिहिले ते पुसू नका, हे तिच्या जाहीरनाम्याचे सार. इंगलशमची दुरुस्ती १८८८-८९ मध्ये मिकल्थ्वेट ह्या वास्तुविशारदाच्या हातून झाली. तिच्यामागे मॉरिसची खटपट आणि साहाय्य होते. दुरुस्ती अशी की, काही दुरुस्त केले आहे हे सहजी ध्यानात येऊ नये.

साहित्याच्या अभ्यासकाला ह्या वादाचे स्वरूप परके वाटू नये, कारण ग्रंथांच्या बाबतीत तोच प्रश्न पुनःपुन्हा उभा राहिला आहे. ज्ञानेश्वरी १२९० मध्ये सिद्ध झाली. १५८४ मध्ये एकनाथांनी अपपाठ दूर करून तिची शुद्ध प्रत सिद्ध केली आणि पुढे कोणी तीत आपली ओवी घालू नये असे बजावले. १९०९ मध्ये वि. का. राजवाडे यांनी एकनाथपूर्व पाठ म्हणून निराळी प्रत प्रसिद्ध केली. मुळाकडे जाण्याची ओढ दोघांचीही. परंतु मधल्या तीन शतकांत ज्या ओव्या कोणी भक्तिभावाने घातल्या, त्यांनाही वाचक होते, श्रोते होते. पुण्याच्या भांडारकर संस्थेने १९१९ ते १९६६ ह्या काळात सिद्ध केलेल्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीने ह्यातून आपली वाट काढली: प्रक्षिप्त ठरलेले श्लोक तिने फेकून दिले नाहीत, तळटीपांत आणि परिशिष्टांत जपून ठेवले. ग्रंथाला अशी तळटीप देता येते. भिंतीला देता येत नाही. तेथे खालचा थर वाचावयाचा तर वरचा नष्ट करावा लागतो. म्हणूनच मॉरिसच्या पक्षाचा आग्रह इतका कडवा होता. जॉन मार्शल यांच्या १९२३ च्या संरक्षण-नियमावलीतून तो विचार भारतीय पुरातत्त्वखात्यापर्यंतही पोचला.

तथापि वास्तू वाचली म्हणजे सर्व वाचले असे नव्हे. विसाव्या शतकात इंग्लंडच्या खेड्यांतील उपासकांची संख्या घटत गेली. अनावश्यक ठरलेल्या चर्चचे काय करावे, ह्याची रीत १९६८ च्या एका कायद्याने घालून दिली: दुसरा उपयोग शोधावा, पाडावे, किंवा विशेष मोलाचे असल्यास १९६९ मध्ये स्थापन झालेल्या निधीकडे सोपवावे. ह्या निधीलाच १९९४ पासून चर्च-संरक्षण न्यासाचे नाव मिळाले आणि आज त्याच्याकडे साडेतीनशेहून अधिक चर्चेस आहेत. इंगलशम त्यांतीलच एक. नित्याची उपासना तेथे होत नाही. भिंतीवरील वचने आहेत. ती ज्यांच्यासाठी लिहिली ते नाहीत. थर जपण्याचा जो नियम मॉरिसच्या मंडळीने घालून दिला, त्याचा एक उपसिद्धान्त मात्र कोणी उच्चारला नव्हता: ज्या दिवशी रक्षण परिपूर्ण होते, त्या दिवशी नवा थर चढणेही थांबते.

दक्षिणेच्या बाजूला आत एक शिल्प बसविले आहे. मरीया आणि तिच्या मांडीवर बाळ येशू. वरून देवाचा हात खाली आलेला. हे काम नॉर्मनपूर्व काळातील समजले जाते. मध्यंतरी पुष्कळ काळ हा दगड बाहेर, दक्षिण भिंतीत होता, आणि गावकऱ्यांनी त्यावर रेघा कोरून सूर्यघटिका केली होती. पावित्र्याची विटंबना म्हणावी, तर ती करणारेच दर रविवारी आत येऊन गुडघे टेकणारे. शुद्ध मूळ रूपाचा एखादा भोक्ता त्या रेघा पुसून टाकता. त्या पुसल्या गेल्या नाहीत. १९१० मध्ये शिल्प तेवढे ऊनपावसापासून वाचविण्यासाठी आत आणले गेले. मरीया सुरक्षित आहे, हात अजून बाळाकडे निर्देश करतो, रेघाही जागच्या जागी आहेत. फक्त सावली पडत नाही.