हिशेबाचा कपटा

मोटेलच्या खोलीत बसून मॅरिअन क्रेन कागदावर वजाबाकी करते. चोरलेले डॉलर 40,000, त्यांतले गाडीपायी गेले 700, उरले 39,300. मग तो हिशेब फाडून ती तुकडे संडासात टाकते आणि फ्लश करते.

'सायको' हा चित्रपट पाहिलेल्या कुणालाही विचारा, त्याला पुढचा शॉवरमधला खून आठवेल. हा फ्लश नाही. पटकथाकार जोसेफ स्टेफानोला मात्र तो हवाच होता. त्या काळी अमेरिकी पडद्यावर संडास दाखवणं असभ्य समजत. सुरा दिसण्याआधीच प्रेक्षक चुळबुळायला लागला पाहिजे, हा त्याचा डाव. शिवाय एक कपटा वाहून न जाता तिथंच चिकटून राहतो आणि पुढे मॅरिअनच्या बहिणीला सापडतो. अस्वस्थताही तीच, पुरावाही तोच!

स्टेफानो मूळचा गाणी लिहिणारा. जन्म 1922 चा, फिलाडेल्फियातला. सोफिया लॉरेनच्या 'द ब्लॅक ऑर्किड'सारखं थोडंच काम नावावर असताना दिग्दर्शक हिचकॉकने त्याला बोलावलं, कारण आधीच्या लेखकाचा खर्डा पसंत पडला नव्हता. रॉबर्ट ब्लॉकच्या 1959 च्या मूळ कादंबरीतला मोटेलवाला नॉर्मन चाळिशीचा, लठ्ठ, दारुडा. आणि कादंबरी सुरूही त्याच्यापासूनच होते. स्टेफानोने सुरुवात मॅरिअनपासून केली. तिची घालमेल, तिची चोरी, तिचा पश्चात्ताप. प्रेक्षक तिच्यात पुरता गुंतला, की पाऊण तासाच्या सुमारास तिलाच मारायचं.

आता गुंतायचं कुणात? समोर उरतो तो नॉर्मन. पटकथेत तो तरुण झालाय, लाजरा, आईच्या धाकातला. प्रेत डिकीत घालून तो गाडी दलदलीत ढकलतो. गाडी बुडता बुडता मध्येच अडकते आणि आपला श्वासही अडकतो. ती बुडावी असं आपल्याला वाटतं, हे ध्यानात येतं तेव्हा खरी भीती सुरू होते. करकरणाऱ्या दारांवर भिस्त ठेवणाऱ्यांना हे कसं साधावं!

हे लिहीत असताना स्टेफानो स्वतः मनोविश्लेषण करून घेत होता आणि तिथं विषय निघे तो आईचाच. नॉर्मनच्या आईबद्दलच्या संवादांत बाहेरून बघणाऱ्याचा कोरडेपणा नाही, तो बहुधा त्यामुळे.

'सायको'ला ऑस्करची 4 नामांकनं मिळाली, पटकथेला एकही नाही. पुढे 1963 पासून 'द आउटर लिमिट्स' या मालिकेत तो निर्माता-लेखक म्हणून गुंतला आणि हिचकॉकच्या 'मार्नी'ची पटकथा दुसऱ्या हातांत गेली. नॉर्मन मात्र सुटला नाही: 'सायको'चा चौथा भाग 1990 मध्ये स्टेफानोनेच लिहिला. 2006 मध्ये तो वारला. त्याआधी 1998 मध्ये गस व्हॅन सँटने 'सायको' पुन्हा काढला तेव्हा नवी पटकथा लिहून घेतलीच नाही. स्टेफानोचीच, जवळपास जशीच्या तशी वापरली. महागाईपोटी मॅरिअनच्या चोरीची रक्कम तेवढी 4,00,000 केली.