आवाजापलीकडची सिंड्रेला

परीकथेवर बेतलेल्या चित्रपटातील नायिकेची भूमिका अभिनेत्रीला कीर्ती सहज मिळवून देते. व्यक्तिमत्त्व घडवण्याची संधी मात्र क्वचितच देते, कारण अशा कथांत नायिकेच्या वाट्याला दुःख आणि दैव दोन्ही बाहेरून येतात आणि ती बहुधा वाट पाहत राहते. 1973 साली प्रदर्शित झालेल्या ‘सिंड्रेलासाठी तीन हेझलनट’ या चित्रपटात चेक अभिनेत्री लिबूशे शाफ्रान्कोव्हा (1953–2021) यांनी उभी केलेली सिंड्रेला मात्र वाट पाहत बसत नाही.

वात्स्लाव वोर्लीचेक दिग्दर्शित हा चित्रपट चेकोस्लोव्हाकिया आणि पूर्व जर्मनी यांची सहनिर्मिती असून, त्याची कथा एकोणिसाव्या शतकातील चेक लेखिका बोझेना नेम्त्सोव्हा यांनी शब्दबद्ध केलेल्या लोककथेवर आधारलेली आहे. नेम्त्सोव्हांशी शाफ्रान्कोव्हा यांचे नाते त्याआधीच जुळले होते. ‘बाबिच्का’, म्हणजे आजी, ही नेम्त्सोव्हांची सर्वांत प्रसिद्ध कादंबरी. तिच्यातील बारुन्का ही मुलगी लेखिकेच्या स्वतःच्या बालपणावरून रेखाटलेली आहे आणि 1971च्या चित्ररूपात ही बारुन्का शाफ्रान्कोव्हा यांनी साकारली होती. प्रथम लेखिकेचे बालरूप आणि मग तिच्या लेखणीतून उतरलेली नायिका, असा हा क्रम योगायोगाचा असला तरी अर्थपूर्ण आहे. मातीशी आणि जनावरांशी सलगी असलेली, हट्टी पण प्रेमळ मुलगी त्यांना आधीच ओळखीची झाली होती.

या सिंड्रेलापाशी जादूची परी नाही. नोकराने आणलेल्या तीन हेझलनटांतून अनुक्रमे शिकारीचा पोशाख, नृत्याचा झगा आणि विवाहवस्त्र निघते, पण वस्त्रांपलीकडचे सारे तिला स्वतः करावे लागते. ती घोडा फेकते. क्रॉसबो, म्हणजे दांड्यावर आडवे बसवलेले आणि कळ दाबून बाण सोडणारे धनुष्य, राजपुत्रापेक्षा सफाईने चालवते. आणि नृत्याच्या रात्री त्याच्या मागणीला होकार देण्याऐवजी त्याला कोडे घालते. काजळी लागलेली मोलकरीण, पिसाच्या टोपीतला शिकारी आणि रुपेरी झग्यातील तरुणी ही तिन्ही रूपे एकाच व्यक्तीची आहेत, हे त्याला ओळखता आले पाहिजे, अशी तिची अट आहे. हा प्रसंग चित्रपटाचे मर्म आहे. शाफ्रान्कोव्हा तो लाडिकपणा न करता, किंचित खोडकर पण पूर्ण गांभीर्याने साकारतात. त्यामुळे पसंत करण्याचा अधिकार राजपुत्राकडून नकळत तिच्याकडे येतो. चित्रीकरणाच्या वेळी त्या अवघ्या एकोणीस वर्षांच्या होत्या.

या चित्रपटात कितीतरी जणांची ओळख झाकली गेली आहे. 1968च्या लष्करी आक्रमणानंतर सुधारणावादी विचार दडपण्याचे जे धोरण चेकोस्लोव्हाकियात आले, त्याला तेथील राज्यकर्ते ‘नॉर्मलायझेशन’, म्हणजे परिस्थिती पूर्वपदावर आणणे, असे म्हणत; त्या धोरणापायी लेखनबंदीत सापडलेल्या फ्रान्तिशेक पाव्लीचेक यांची पटकथा बोहुमिला झेलेन्कोव्हा यांच्या नावावर पडद्यावर आली. राजपुत्र झालेल्या पावेल त्राव्हनीचेक यांच्या बोलण्यातील मोरावियन हेल नको म्हणून पेत्र स्वोयत्का यांचा आवाज वापरण्यात आला. परदेशात तर नायिकेचाही आवाज बदलला. जर्मन प्रेक्षकांनी तिला जर्मनमध्ये ऐकले. नॉर्वेत 1970च्या दशकापासून नाताळच्या आदल्या दिवशी चित्रपट दाखवला जाऊ लागला, तेव्हा क्नूट रिसान या एकाच पुरुषाने स्त्रीपुरुष सर्व पात्रांचे संवाद वाचले आणि मूळ चेक शब्द त्याखाली मंदपणे ऐकू येत राहिले. अभिनेत्रीपासून तिची वाणी इतकी दूर नेल्यावरही पिढ्यान्‌पिढ्या प्रेक्षकांनी सिंड्रेला म्हणून तिलाच जपले. अभिनयाचा मोठा भाग संवादाबाहेर, नजरेच्या रोखात, खोगिरावर बसण्याच्या ऐटीत आणि हसू दाबण्याच्या क्षणी असतो, याचे इतके निःसंदिग्ध प्रमाण क्वचितच सापडेल.

पुढे शाफ्रान्कोव्हा यांनी रंगभूमीवर आणि पडद्यावर दीर्घकाळ काम केले. परभाषिक चित्रपटाचे ऑस्कर मिळवणाऱ्या ‘कोल्या’ (1996) मधील त्यांची गायिका क्लारा प्रौढ, संयत आणि स्मरणीय आहे. तरीही लोकांना प्रथम सिंड्रेलाच आठवते, याला अन्याय म्हणणे योग्य वाटत नाही, कारण क्लारातील स्वाभिमान त्या कोडे घालणाऱ्या मुलीतच दिसू लागला होता. 2021 मध्ये, त्यांच्या निधनाच्याच वर्षी, नॉर्वेत ही कथा नव्या कलावंतांसह नॉर्वेजियनमध्ये चित्रित होऊन प्रदर्शित झाली. तीत प्रत्येक पात्राला स्वतःचा आवाज आहे, पण नाताळातील जुन्या चित्रपटाची जागा तिने घेतलेली नाही.