काळी आणि पांढरी

लातूर सोडून अर्धा तास होतो न होतो तोच तुरीच्या काळ्या रानांपलीकडे रेणापूर दिसू लागले, आणि वडिलांनी मोटारीत बसल्या बसल्याच रेणुकादेवीच्या दिशेने हात जोडले. पुण्यात जन्मलेल्या माझ्या मुलीने विचारले, "आजोबा, तुमचं घर कुठल्या बाजूला?" त्यातला 'तुमचं' हा शब्द मला लागला.

आमच्याकडे शेतजमिनीस काळी म्हणतात आणि वस्तीच्या जागेस पांढरी; ढासळलेल्या भिंतींवर पुन्हा भिंती उभ्या राहून, चुलींची राख मिसळून पिढ्यान्‌पिढ्या साचलेली ही मातीच मृगापूर्वी माळवदावर पसरीत, म्हणजे पूर्वजांची मोडलेली घरेच वंशजांचे छत होत. मोगलाईच्या अखेरीस रझाकारांच्या भयाने आजोबा सहकुटुंब सरहद्दीपलीकडे बार्शीस गेले होते. सप्टेंबर 1948 च्या पोलीस कारवाईने निजामाचा अंमल संपला आणि ते परतले, तेव्हा गाठोडी सोडण्याआधीच पांढरीची पाटी घेऊन गळक्या माळवदावर चढले. घर म्हणजे जिथे परतायचे ते, एवढीच त्यांची व्याख्या असावी.

वडिलांची तशी राहिली नाही. 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे भूकंप झाला, आणि किल्लारी, सास्तूर व भोवतालच्या गावांत सुमारे 8,000 माणसे गेली, ती मुख्यतः दगडमातीच्या जाड भिंती आणि त्यांवरील मातीचे जड छत कोसळल्यामुळे. दर वर्षी ज्या मायेने थरावर थर चढवला, त्या मायेचेच ओझे झाले, हा विचार मला आजही सहन होत नाही. आमचे घर उभे राहिले, पण वडील कित्येक महिने अंगणातच निजले आणि पुढे त्यांनी माळवद उतरवून पत्रे घातले. उन्हाळ्यात पत्रे तापत. आजोबा दिवसभर लिंबाखाली बसत, पण मुलाला त्यांनी कधी बोल लावला नाही.

उतरवलेल्या मातीचा ढीग परसात अजून आहे. कुंड्यांसाठी म्हणून मुलगी त्यातली माती पिशवीत भरू लागली, तेव्हा वडील म्हणाले, "झाडाला ही नको, बाळ. रानातली काळी ने."

तिने पिशवी रिकामी केली नाही. तोंडाला गाठ मारून ती मांडीवर घेतली, आणि काळी आणण्यासाठी आमची मोटार रानाकडे वळली.